मोडलेल्या मनाच्या भेटीला कोण जाते?

वस्तीत एखाद्या घरी मयत झाली की काय करायचे, हे आपल्या माणसांना कोणी शिकवावे लागत नाही. शेजारीण चहाचे पातेले घेऊन जाते. दुसरी पिठले-भाकरी करून पाठवते. तरुण पोरे गाडीच्या आणि सामानाच्या मागे धावतात. पुढे जलदान विधी होतो, त्याची पत्रिका निघते, चार जण उठून गेलेल्या माणसाविषयी चांगले बोलतात. एरवी कडक असणारा सुपरवायझरही दोन दिवसांचा खाडा चालवून घेतो. या घरावर दुःख कोसळले आहे, हे सर्वांना मान्य असते.

परंतु त्याच वस्तीत चोवीस वर्षांच्या मुलाचे किंवा बावीस वर्षांच्या मुलीचे तीन-चार वर्षांचे प्रेम मोडले, तर कोण जाते? चहाचे पातेले कोणी आणत नाही. मित्र टिंगल करतात, नाही तर दारूच्या दुकानाकडे ओढतात. बाप म्हणतो, “कामाला जा, डोकं ठिकाणावर येईल.” आई घाबरून स्थळे पाहू लागते. मुलीच्या बाबतीत तर आधी दार लावून घेतले जाते आणि आवाज बाहेर जाऊ नये म्हणून टीव्ही मोठा केला जातो. ज्याचे मन मोडले त्याने रात्रभर जागायचे आणि सकाळी कंपनीच्या बसला उभे राहायचे.

कुटुंबाच्या पानावर असला विषय कशाला, असे काही ज्येष्ठ वाचकांना वाटेल. आम्हालाही काही वर्षांपूर्वी असेच वाटत होते. परंतु आमच्या हातून एक चूक झाली. तिची किंमत फार मोठी पडता पडता राहिली. ती चूक सांगावी आणि आपल्या घराघरांतून ती पुन्हा होऊ नये, एवढ्यासाठी हा लेख.

आमची चूक

२०२३ च्या पावसाळ्यातली गोष्ट. आम्ही राहतो ते रावेत १९९७ साली पिंपरी-चिंचवड महापालिकेत आले. तेव्हा जिथे शेते होती तिथे आज उंच इमारती आहेत. पवनेवरचा बंधारा मात्र आहे तिथेच आहे. तिथून उपसलेले पाणी निगडीला शुद्ध होऊन शहराच्या नळांना जाते. गावठाणात दोन खोल्यांत राहणारे एक कुटुंब आमच्या चांगल्या परिचयाचे आहे. मूळ गाव मराठवाड्यात. वडील बांधकामावर सेंट्रिंगचे काम करतात. आई त्या उंच इमारतींतल्या चार घरी स्वयंपाक आणि भांडी करते. मुलगा आयटीआय झालेला, फिटर, चाकणच्या एका कारखान्यात ठेकेदाराकडून लागलेला. विहारात कार्यक्रम असला की सतरंज्या घालायला सर्वांच्या आधी हजर आणि भांडी घासून झाल्यावर सर्वांच्या शेवटी घरी जाणारा.

एका रविवारी सकाळी तो आमच्या दारात उभा राहिला. “काका, थोडा वेळ आहे का?” म्हणाला. आम्ही वह्यावाटपाचा हिशेब मांडून बसलो होतो. आमची जात कारकुनाची. आकडा जुळेपर्यंत मान वर होत नाही. “बोल की,” म्हणालो, पण पेन हातातून खाली ठेवले नाही. त्याने खाली बघत सांगितले. एका मुलीशी तीन वर्षे ओळख होती. मुलगी आपल्याच समाजाची, तिच्याही घरी कल्पना होती. लग्न करायचे ठरले होते. आता ती नाही म्हणते. भांडण झालेले नाही, दुसरा कोणी मध्ये आलेला नाही. नुसते नाही म्हणते.

आम्ही काय केले? भाषण केले. म्हणालो, अरे, तू कोणाचा वारसदार आहेस ते आठव. बाबासाहेबांवर किती संकटे आली! १९३५ च्या मे महिन्यात रमाई गेल्या आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात ते येवल्याला उभे राहून धर्मांतराची घोषणा करतात. ते खचले का? आणि तू एका मुलीसाठी तोंड पाडून बसतोस? पुढची परीक्षा दे, पर्मनंट नोकरी बघ, मुली काय, छप्पन्न मिळतील. वीस मिनिटांत आम्ही सगळे उरकले. त्याने चहा घेतला, “जयभीम काका” म्हणाला आणि गेला. पोराला धीर आला, असे समजून आम्ही पुन्हा वह्यांच्या आकड्यांत डोके घातले.

पाचव्या दिवशी त्याने जीव देण्याचा प्रयत्न केला. शेजारच्या रिक्षावाल्याने वेळेत दवाखान्यात पोचवले म्हणून तो वाचला. रात्री आम्ही तिथे गेलो तेव्हा त्याची आई बाहेरच्या बाकावर बसली होती. ती रडली नाही, ओरडली नाही. आमच्याकडे बघून एवढेच म्हणाली, “भाऊ, तो तुमच्याकडं आला होता ना?”

वाचकहो, इतकी वर्षे चळवळीत काढली, निवेदने लिहिली, सभा केल्या. त्या बाईच्या प्रश्नाला मात्र आमच्याकडे उत्तर नव्हते.

अर्धीच सांगितलेली गोष्ट

नंतर पुष्कळ दिवस आम्ही त्या वीस मिनिटांचा विचार केला. बाबासाहेबांचे उदाहरण देणे चुकले का? नाही. चुकले ते असे की आम्ही अर्धीच गोष्ट सांगितली. २७ मे १९३५ रोजी राजगृहात रमाई गेल्या आणि १३ ऑक्टोबरला येवल्याची घोषणा झाली, हे खरे. पण मधल्या दिवसांत काय झाले? चरित्रकार धनंजय कीर यांनी लिहून ठेवले आहे की बाबासाहेब स्वतःला खोलीत कोंडून लहान मुलासारखे रडत होते, त्यांचे सांत्वन करणे कठीण झाले होते. पुढे कित्येक वर्षांनी पाकिस्तानच्या प्रश्नावर ग्रंथ लिहिला, तोही त्यांनी आपल्या रामूच्या स्मृतीस अर्पण केला. म्हणजे एवढा मोठा माणूस आधी रडला, मग उठला, आणि उठल्यावरही विसरला नाही. आम्ही त्या पोराला उठायचे तेवढे सांगितले. रडायचे वगळले.

कोणी म्हणेल, पत्नीचा मृत्यू कुठे आणि पोराटोरांचे प्रेम कुठे? दोन्हींची तुलना आम्ही करत नाही. पण तथागतांनी दुःखाची गणती केली तेव्हा जन्म, जरा, व्याधी, मरण यांच्याबरोबर प्रियाचा वियोग हेही दुःख म्हणून सांगितले. मरणाने झालेला वियोग तेवढाच खरा, अशी अट त्यांनी घातलेली नाही. पहिले आर्यसत्य आपण विहारात दर पौर्णिमेला ऐकतो. घरात मात्र मुलगा जेवत नसला की त्याला म्हणतो, “ही काय दुःख करायची गोष्ट आहे?” दुःख आहे हेच जिथे नाकारले जाते, तिथे त्यातून बाहेर पडण्याचा मार्ग कोण दाखवणार?

शास्त्रज्ञांनीही हे तपासून पाहिले आहे. २०११ मध्ये अमेरिकेत ईथन क्रॉस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चाळीस माणसे घेतली. सर्वांचे प्रेमसंबंध थोड्याच दिवसांपूर्वी त्यांच्या मनाविरुद्ध तुटलेले होते. त्यांना त्या व्यक्तीचा फोटो दाखवला आणि त्याच वेळी मेंदूचे चित्र घेतले. नंतर हातावर सोसवेल एवढा गरम चटका दिला आणि पुन्हा चित्र घेतले. चटक्याने मेंदूचे जे भाग जागे झाले, त्यांतले काही भाग फोटो पाहतानाही जागे झाले होते. त्याच्या आदल्या वर्षी हेलन फिशर यांच्या गटाने प्रेमात नाकारल्या गेलेल्या पंधरा जणांवर असाच अभ्यास केला. त्यात व्यसनाच्या ओढीशी संबंधित असलेले मेंदूचे भाग काम करताना दिसले. अभ्यास लहान आहेत, पण आपल्या आयाबायांचे बोलणे त्यांनी खरे ठरवले. “काळीज भाजलं” म्हणतात ते उगीच नाही. आणि पोरगा रात्री शंभरदा मोबाइल उघडून तिचा फोटो का बघतो, तेही यावरून कळते. दारूची तलफ लागते तशी ती तलफ असते, आणि प्रत्येक वेळी चटका बसतो.

आता एक सरकारी आकडा. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालानुसार २०२२ मध्ये देशात १ लाख ७० हजार ९२४ माणसांनी आत्महत्या केली. महाराष्ट्राचा आकडा २२ हजार ७४६, सर्व राज्यांत सर्वाधिक. एकूण मृतांत चौथा हिस्सा रोजंदारीवर जगणाऱ्यांचा होता. साडेचार टक्के मृत्यूंपुढे कारण म्हणून प्रेमप्रकरण लिहिलेले आहे. हिशेब केला तर साडेसात हजारांहून अधिक जीव होतात. कोणाच्याही मरणाला एकच कारण नसते. कर्ज असते, नोकरी सुटलेली असते, आधीचा आजार असतो. तरीही वेळेवर कोणी जवळ बसले असते तर यांतले कितीतरी जण आज कामावर गेले असते. आमच्या पाहण्यातला एक जण तर जातोच आहे.

मुलीला कोण विचारते?

मुलाची गोष्ट सांगितली, कारण ती आमच्या अंगावर आली. मुलींची दशा याहून कठीण असते. मुलाला निदान चौकात उभे राहता येते. मुलीचे प्रेम मोडले की लोक आधी तिच्यातच खोट शोधतात. “हिनेच काही केलं असेल, नाहीतर त्याने का सोडली असती?”

या प्रश्नाला आपल्या थेरीगाथेत फार जुने उत्तर आहे. इसिदासी नावाची एक थेरी. उज्जैनच्या शीलवान व्यापाऱ्याची मुलगी. बापाने साकेतच्या श्रीमंत घरात दिली. तिथे तिने सासू-सासऱ्यांची, नवऱ्याची मनापासून सेवा केली. तरी नवरा म्हणाला, मला हिच्याबरोबर राहायचे नाही. आईबापांनी त्याला विचारले, हिचा काय अपराध? तो म्हणाला, अपराध काही नाही, पण मला नको. बापाने दुसरीकडे दिली, तिथेही महिनाभरात तेच. तिसऱ्याने पंधरा दिवसांत घर सोडले. पुढे इसिदासी भिक्खुणी झाली. तिच्या कथेत पूर्वजन्मीच्या कर्माचा भाग येतो. बाबासाहेबांनी पूर्वजन्मीच्या कर्माची कल्पना बुद्धाच्या शिकवणीशी विसंगत ठरवली आहे, म्हणून तो भाग आम्ही बाजूला ठेवतो. आमच्या मनात राहिले ते एवढेच की अपराध नसतानाही माणूस नाकारला जाऊ शकतो. नाकारले गेले म्हणून कोणी खोटे नाणे ठरत नाही.

आणखी एक गोष्ट या कथेत आहे. ती आम्ही आधी कधी लक्षपूर्वक वाचलीच नव्हती. इसिदासीने हे सारे सांगितले कोणाला? पाटलीपुत्रात एके दिवशी भिक्षा घेऊन, जेवून, पात्रे धुऊन ती आणि बोधी नावाची दुसरी भिक्खुणी निवांत बसल्या होत्या. बोधीने तिला विचारले की तू तरुण आहेस, सुंदर आहेस, मग संसार का सोडलास? तेव्हा ती बोलली. बोधीने उपदेश केला नाही, तिला कोणाचे उदाहरण दिले नाही. विचारले आणि ऐकले. म्हणून ती कहाणी आपल्यापर्यंत पोचली. आम्ही त्या पोराला काय करायचे ते पुष्कळ सांगितले, पण काय झाले ते विचारलेच नाही. बरा झाल्यावर हे त्यानेच आम्हाला बोलून दाखवले.

नकार आणि अन्याय

एवढे सांगितल्यावर तरुण मित्रांना एक गोष्ट स्पष्ट सांगणे आमचे कर्तव्य आहे. तुमचे दुःख खरे आहे. पण तुमच्या दुःखाचे कर्ज त्या मुलीच्या नावावर नाही. ३० मार्च १९९० रोजी उल्हासनगरात दहावीची परीक्षा देणाऱ्या मुलीला वर्गात शिरून जाळले गेले. ३ फेब्रुवारी २०२० रोजी हिंगणघाटला एका प्राध्यापिकेला भर रस्त्यात पेटवले गेले. आठवड्याने ती गेली. आरोपीला २०२२ मध्ये जन्मठेप झाली. मधल्या तीस वर्षांत आपण मुलग्यांना नकार पचवायला शिकवले नाही, एवढाच याचा अर्थ.

मुलगी सकाळी हो म्हणाली म्हणून संध्याकाळी तिला नाही म्हणता येत नाही, असे नाही. नको असलेल्या विवाहातून स्त्रीला बाहेर पडता यावे यासाठी बाबासाहेब हिंदू कोड बिलासाठी झटले आणि ते रखडले, हे १९५१ च्या सप्टेंबरात त्यांनी मंत्रिपद सोडण्याचे एक मोठे कारण होते. लग्न झालेल्या बाईला जो हक्क मिळावा म्हणून त्यांनी खुर्ची सोडली, तो लग्न न झालेल्या मुलीला आपण नाकारायचा का? तिच्या मागे जाणे, नको म्हटल्यावर पुन्हा पुन्हा फोन-मेसेज करणे, तिच्या मोबाइलवर पाळत ठेवणे, हा भारतीय न्याय संहितेच्या ७८ व्या कलमाखाली गुन्हा आहे. पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. जुने फोटो दाखवून धमकावणे हाही गुन्हाच. आणि कायदा नसता तरी ते आपल्याला शोभणारे नाही.

परंतु एक वियोग याहून वेगळा असतो. दोघांना एकमेक हवे असतात आणि जात मध्ये येते. “घरी तुझी जात कळली” या चार शब्दांनी मोडलेली किती प्रेमे आपल्या वस्त्यांत आहेत, ते वाचकांना आम्ही सांगायला नको. इथे दुःखात अपमान मिसळतो आणि मुलाला वाटते, आपल्यातच काही कमी आहे. कमी त्याच्यात नसते. अशा वेळी मुलाला राग येतो तो मुलीचा, की तिने हिंमत केली नाही. पण २८ एप्रिल २०१४ रोजी खर्ड्यात, मुलीशी बोलतो या संशयावरून, सतरा वर्षांच्या शाळकरी मुलाला मारून टाकले आणि २०१७ मध्ये सत्र न्यायालयातून सर्व आरोपी निर्दोष सुटले. जून २०२० मध्ये आपल्याच शहरात, पिंपळे सौदागरला, प्रेमसंबंधावरून वीस वर्षांच्या दलित तरुणाचा जीव गेला आणि मुलीच्या नातलगांवर खुनाचा गुन्हा दाखल झाला. हे ठाऊक असलेली मुलगी “आता भेटू नकोस” म्हणते, तेव्हा ती नेहमीच दगा देत नसते. कधी ती त्याचा जीव वाचवत असते. तिला भित्री म्हणण्याआधी मुलाने याचा विचार करावा. जातीविरुद्धची लढाई आपल्या सर्वांची आहे. ती एकट्या बावीस वर्षांच्या मुलीच्या खांद्यावर देऊन आपण मोकळे होऊ शकत नाही.

घरच्यांनी काय करावे?

दवाखान्यातून आल्यावर त्या कुटुंबाने जे केले ते आम्ही जवळून पाहिले. त्यावरून चार गोष्टी लिहितो.

पहिली गोष्ट म्हणजे झोप आणि जेवण. मुलगा रात्रपाळीला होता. आधीच झोप मोडलेली, त्यात हा घाव. आम्ही ठेकेदाराच्या माणसाला भेटून दोन महिने त्याला पहिली पाळी मागून घेतली. काय झाले ते सांगितले नाही. तब्येत ठीक नाही, एवढेच सांगितले. आई रोज कामावरून आली की त्याच्यासमोर ताट ठेवायची आणि स्वतः बाजूला बसायची. “जेव” असा आग्रह नाही, “का जेवत नाहीस” असा प्रश्न नाही. पहिल्या आठवड्यात ताट अर्धे परत जायचे. पुढे कमी जायचे.

दुसरी गोष्ट मोबाइलची. फोटो पुसून टाक, असे त्याला कोणी म्हटले नाही. धाकट्या बहिणीने रात्री दहानंतर त्याचा मोबाइल आपल्या उशाशी ठेवायचा, एवढे दोघांत ठरले. सुरुवातीला तो चिडायचा. महिन्याभराने स्वतःच देऊ लागला. फोटो त्याने नंतर केव्हातरी आपल्या हाताने काढले, कधी ते आम्ही विचारले नाही.

तिसरी गोष्ट डॉक्टरांची. मनाच्या डॉक्टरांकडे जाणे म्हणजे वेडा ठरणे, ही समजूत आपण सोडून द्यायला हवी. त्याला काही महिने गोळ्या होत्या आणि पंधरा दिवसांनी समुपदेशकाशी बोलणे होते. पिंपरीच्या वायसीएम रुग्णालयात मानसोपचाराची सोय आहे. हातात पैसा नसेल, रात्र असेल, तर १४४१६ हा टेलिमानसचा क्रमांक आहे. २०२२ च्या ऑक्टोबरात सरकारने तो सुरू केला. फोन फुकट लागतो, दिवसरात्र चालतो, मराठीत बोलता येते. मुलगा किंवा मुलगी जगण्याला कंटाळल्याचे बोलत असेल, आवडीच्या वस्तू वाटून टाकत असेल, एकाएकी अगदी शांत झाली असेल, तर सकाळची वाट पाहू नका. एकटे सोडू नका आणि थेट विचारा, “जीव द्यावासा वाटतो का?” असे विचारल्याने विचार डोक्यात शिरतो, हा गैरसमज आहे. विचारल्याने मनावरचे ओझे हलके होते. पोलिसांच्या भीतीने घरचे लोक दवाखाना टाळतात. २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने असा प्रयत्न करणारा माणूस तीव्र तणावाखाली होता, असेच मानले जाते. जुने ३०९ कलम १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या न्याय संहितेत राहिले नाही. दवाखान्यात नोंद होईल, जबाब घेतील, पण पोराला चोरासारखे धरणार नाहीत. आणि घाव दारूने धुण्याची सवय लागलीच असेल, तर १९८६ पासून पुण्यात काम करणारे मुक्तांगण आहे. तिथे नेण्यात कमीपणा नाही.

चौथी गोष्ट लग्नाची. आईने दुसऱ्याच महिन्यात एक स्थळ काढले होते. आम्हीच तिला थांबवले. मोडलेल्या मनावर दुसऱ्याच्या लेकीचा संसार बांधू नये. त्यात दोन जीव होरपळतात, आणि त्या दुसऱ्या मुलीचा तर काही दोषही नसतो. मुलगी असेल तर ही घाई आणखीच होते. “बदनामी व्हायच्या आत उजवून टाकू” म्हणून शिक्षण अर्धे सोडवून तिला दिली जाते. आईबाबांनो, एक वर्ष थांबा. मंगल परिणयाचा मांडव कुठे पळून जात नाही.

आणि आम्ही काय केले? फार काही नाही. दर रविवारी संध्याकाळी त्याला घेऊन नदीकाठी बंधाऱ्याजवळ जाऊन बसायचो. पेन, वही, हिशेब घरी ठेवून. पहिले दोन रविवार तो एक शब्द बोलला नाही. पाण्याचा आवाज ऐकत बसलो आणि उठून आलो. तिसऱ्या रविवारी तो बोलायला लागला. आकुर्डी स्टेशनच्या कोणत्या बाकावर ती दोघे बसायची, पहिल्या पगारातून तिच्यासाठी काय घेतले, ती रागावली की कशी गप्प व्हायची. तेच तेच पुन्हा सांगायचा. चार-पाच वेळा ऐकलेली गोष्ट सहाव्यांदा ऐकताना आमच्या तोंडात उपदेश यायचा, तो आम्ही गिळायचो. भाषण करणाऱ्या माणसाला गप्प बसणे किती जड जाते, ते त्या महिन्यांत आम्हाला कळले. एका रविवारी तो म्हणाला, “काका, ती वाईट नव्हती.” आम्ही म्हणालो, “नसणारच.” त्या दिवशी तो पहिल्यांदा मोकळेपणाने रडला.

आता तो बरा आहे. पूर्वीसारखा झाला, असे आम्ही म्हणणार नाही. आकुर्डी स्टेशनवर गाडीसाठी थांबावे लागले तर तो अजून त्या बाकापासून लांब उभा राहतो. पण कामावर जातो, जेवतो, बहिणीची फी भरतो. २५ डिसेंबरला देहूरोडला गर्दी होते, हे वाचकांना माहीतच आहे. १९५४ साली त्या दिवशी बाबासाहेबांनी तिथे बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली. मागच्या खेपेला तो तिथे पाणी वाटायच्या ठिकाणी दिवसभर उभा होता. त्याची आई गर्दीतून आमच्याजवळ आली. पुन्हा तो जुना प्रश्न विचारते की काय, असे उगाच वाटून गेले. ती म्हणाली, “भाऊ, पाणी घेतलं का? माझा पोरगा वाटतोय तिथं.”

वाचक बंधू-भगिनींनो, तुमच्या आळीत, तुमच्या चाळीत असे एखादे घर नक्की असेल. तिथला मुलगा किंवा मुलगी हल्ली कोणात मिसळत नाही, असे तुमच्या कानावर आले असेल. या रविवारी त्या घरी जा. विचारपूस करायला म्हणून नको, चहा प्यायला म्हणून जा. आणि तो किंवा ती बोलायला लागली, तर हातातले काम खाली ठेवा. एवढेच आम्ही त्या दिवशी केले नव्हते.

जयभीम.